लाल खोक्यांची खंडेनवमी

“वाजवा की तात्या! तुमच्या शंखाबिगर आमची खंडेनवमी सुरू झालीय होय कधी?”

फेटलिंग शॉपच्या दारात सगळी पोरं आकाराम लोहारांभोवती गोळा झाली होती. फेटलिंग म्हणजे भट्टीतून निघालेल्या ओतकामावरची वाळू झाडायची, घासायची, माल गुळगुळीत करायचा. आकारामतात्यांनी उभा जन्म त्या वाळूच्या धुरळ्यात काढलेला. ते रिटायर झाले होते, पण खंडेनवमीला यंत्रांची पूजा झाली की शंख वाजवायचा मान अजून त्यांचाच. जुनी माणसं सांगायची, तात्यांचा शंख पार हायवेपर्यंत ऐकू जायचा.

तात्यांनी शंख सदऱ्याला पुसला, डोळे मिटले, छाती भरून घेतली आणि फुंकला.

नुसता वारा. फुस्स.

पुन्हा एकदा. या वेळी वाराही नीट निघाला नाही, खोकला निघाला. असा खोकला, की दोघांनी धरून त्यांना खुर्चीवर बसवलं. “असू दे, असू दे, शंखच चिरलाय बहुतेक,” कुणीतरी म्हणालं. शंख काही चिरलेला नव्हता. एका तरण्या पोरानं तोच घेतला आणि खणखणीत वाजवला. आम्ही बाकीचे उगाच झेंडूच्या माळा नीट करायला लागलो. मला भयंकर राग आला. कुणाचा ते विचारू नका, त्या घटकेला सगळ्यांचाच आला होता.

मी सुलक्षणा मगदूम. आज पुण्यातल्या एका मोठ्या कंपनीत कुठला कागद, कुठली फाइल, सर्व्हरवरची कुठली माहिती किती वर्षं ठेवायची आणि कधी नष्ट करायची, हे ठरवणारी बाई म्हणून लोक मला ओळखतात. इन्फर्मेशन गव्हर्नन्स म्हणतात त्याला. तेव्हा मात्र मी कोल्हापूरजवळ शिरोलीच्या एका फाउंड्रीत, कँटीनच्या वरच्या मजल्यावर, रेकॉर्ड रूमची एकटी राणी होते. राणी आपली मीच म्हणायचे. बाकीचे ‘रद्दीवाल्या म्याडम’ म्हणायचे.

त्या सकाळीच माळांची टोपली घेऊन फिरणाऱ्या पोराला मी म्हटलं होतं, “एक माळ वर रेकॉर्ड रूमला पण दे की रे.”

“तिथं काय मशीन हाय, म्याडम? रद्दीला कुठं माळ घालत्यात व्हय?”

आजूबाजूचे खदाखदा हसले. मीही हसले. तोंडानं.

त्या ‘रद्दी’त काय होतं ते सांगते. फाउंड्रीत दरवर्षी प्रत्येक कामगाराची फुंकण्याची चाचणी व्हायची. नळी तोंडात धरायची, जीव खाऊन फुंकायचं, की मशीनची सुई कागदावर रेघ ओढायची. छातीत दम जास्त तेवढी रेघ उंच. तात्यांचा पहिला कागद ते नोकरीला लागले तेव्हाचा आणि शेवटचा रिटायर होतानाचा. वाळूच्या धुरळ्यानं माझी छाती गेली, असा दावा तात्यांनी कोर्टात लावला होता. कंपनीचं म्हणणं, हा माणूस बिडी ओढायचा, छाती त्यानंच गेली. आता बिडी की वाळू, हे कसं ठरायचं? कोर्टानं हुकूम काढला: फेटलिंगच्या कामगारांचे सगळे वैद्यकीय कागद जसेच्या तसे जपून ठेवा, दसरा झाला की आमचा माणूस येऊन घेऊन जाईल. दवाखान्यातले ओपीडीचे कागद तात्यांच्या घरात पावसात भिजून गेले होते. म्हणजे तात्यांच्या बाजूनं बोलणारं जगात जे काही उरलं होतं, ते सगळं माझ्या रेकॉर्ड रूमच्या खिडकीजवळच्या रॅकवर होतं.

मी त्या खोक्यांवर लाल स्टिकर लावले होते. मुंबईच्या हेड ऑफिसनं आम्हाला एक जाडजूड नियमावली पाठवली होती. गुळगुळीत कागद, वर कंपनीचा शिक्का, आत माझ्या सहीनं ‘प्रत मिळाली’. त्यात चित्रासकट दिलेलं होतं: लाल म्हणजे थांबा, हात लावू नका. हिरवं म्हणजे मुदत संपली, नष्ट करायला मोकळं. सिग्नलसारखं, अगदी सोपं. मी तीन दिवस खपून स्टिकर लावले आणि स्वतःवरच खूश झाले.

खंडेनवमीच्या पूजेआधी फाउंड्रीत सगळी साफसफाई होते. भंगार, मोडकं सामान आणि मुदत संपलेले कागदही त्याच सकाळी जातात. कर्नाटकातल्या हुक्केरीकडच्या एका पेपर मिलचा ट्रक आला होता. आमचे कागद गुपित, म्हणून सीलबंद खोकी तशीच्या तशी मशीनमध्ये जायची आणि तिथून नष्ट केल्याचा दाखला यायचा. मी गेटपासवर सही केली, माल भरायचं काम कंत्राटदार रझाक मुजावरवर सोपवलं आणि पूजेला खाली गेले.

शंखाचं ते सगळं झाल्यावर मला खाली थांबवेना. म्हटलं, वर जाऊन दोन मिनिटं एकटं बसावं.

दार उघडलं आणि हातातली पेढ्याची पुडी खाली पडली.

हिरवी खोकी जागच्या जागी. ओळीनं, नीट, एकही हललेलं नाही. खिडकीजवळचा रॅक मोकळा. धुळीत खोक्यांचे चौकोन तेवढे उमटलेले.

“रझाकभाईऽऽ!”

रझाक जिन्यात पेढा चघळत उभा होता. धावत आला. नव्या कोऱ्या छोट्या हत्ती टेम्पोचा मालक, गळ्यात रेशमी रुमाल, आज लई खुशीत.

“काय झालं, म्याडम?”

“लाल खोकी कुठंयत?”

“गेली की! पोरांनी चटाचट भरली. तासावर झाला गाडी जाऊन.”

“अरे, हिरवी न्यायची होती! लाल का नेलीस?”

तो माझ्याकडं बघत राहिला. जणू मीच वेडी. “म्याडम, लाल म्हंजे रिजेक्शन! हितं जन्म गेला आमचा. कास्टिंगला भोक पडलं, लाल मारायचं, लाल डब्यात टाकायचं, परत भट्टीत. हिरवं म्हंजे पास. पास मालाला कोण हात लावतंय? शेंबडं पोरगं सांगंल!”

त्याच्यावर ओरडायला तोंड उघडलं आणि तसंच मिटलं. तो खरं बोलत होता. त्या आवारात लाल रंगाला हजारभर माणसं एकच अर्थानं ओळखत होती. फक्त हेड ऑफिसच्या पुस्तकात अर्थ वेगळा होता. आणि ते पुस्तक वाचलेली तिथं मी एकटी.

मिलला फोन लावला. वाजत राहिला. सण, कोण उचलणार? मग शिरगुप्पे साहेबांना लावला. कायद्याचं आणि कामगारांचं सगळं तेच बघायचे. पूजेसाठी जयसिंगपूरला घरी गेले होते.

“साहेब, फेटलिंगची वैद्यकीय खोकी पेपर मिलला गेली. चुकून.”

पलीकडं आरतीची घंटा वाजत होती. साहेब उठून दुसऱ्या खोलीत गेले असावेत, घंटा बारीक झाली.

“चुकून ना?” त्यांनी हळूच विचारलं.

“हो.”

“कुणी मुद्दाम नाही ना केलं?”

“नाही हो, साहेब!”

“मग झालं तर. चूक माणसाकडूनच होते, मगदूम. दसरा झाल्यावर कोर्टाला तसं लिहून देऊ. तुम्ही प्रसाद घ्या आणि घरी जा. सणाचा दिवस आहे.”

फोन ठेवला आणि लाज वाटते सांगायला, पण क्षणभर मला हायसं वाटलं. नोकरी वाचली होती. कुणी रागावलंसुद्धा नव्हतं. मग लक्षात आलं की साहेबांनाही हायसंच वाटलं होतं, आणि माझ्या अंगाची लाही लाही झाली.

मागं वळले तर जिन्याच्या शेवटच्या पायरीवर कठड्याला धरून आकारामतात्या. धापा टाकत. कुणी सांगितलं की माझं ओरडणं ऐकून वर आले, देव जाणे.

“काय झालं वो, म्याडम?”

सांगितलं. लपवणार काय?

तात्या पायरीवरच बसले. मग म्हणाले, “म्हंजे आजपत्तोर मी फुंकल्यालं समदं गेलं?”

बास. ते ऐकलं आणि मी नियमावली उचलली. लाल म्हणजे ठेवायचं, हे छापील दाखवायला दुसरं काही माझ्याकडं नव्हतं.

“रझाकभाई, हत्ती काढ!”

“हुक्केरीला? म्याडम, आत्ताच पूजा केलीया गाडीची. भटजींनी सांगितलंय, आज चालवू नको.”

“लाल खोकी कुणी भरली?”

रझाकनं तोंडातला पेढा गिळला आणि पळत सुटला.

“मी बी येतो,” तात्या म्हणाले.

“तुम्ही कुठं येताय तात्या? बसा आरामात.”

“माझी खोकी हायत. मला वळखू येतील.”

खोकी सगळी सारखीच होती, त्यांना काय ओळखू येणार होती! पण त्या तोंडाकडं बघून नाही म्हणवेना.

छोट्या हत्तीच्या पुढच्या सीटवर दोन माणसं बसतात. आम्ही तिघं. तात्या मधे, गिअरचा दांडा त्यांच्या गुडघ्यात, माझ्या मांडीवर ती वीटभर नियमावली आणि काचेवर इतक्या माळा की रझाक झेंडूच्या फटीतून रस्ता बघत होता. काय पळवली त्यानं गाडी! शिरोलीचा फाटा, पंचगंगेचा पूल, उचगाव, गोकुळ शिरगाव. मी एका हातानं दाराची कडी आणि दुसऱ्या हातानं तात्यांना धरून बसलेले.

“ट्रकचा नंबर काय, रझाकभाई?”

“ठाऊक हाय, पर दिसंल तर ना!”

खरंच की. त्या दिवशी हायवेवरची एकूण एक गाडी धुऊन पुसून नवरदेवासारखी नटलेली. पुढं केळीचे खुंट, आंब्याचे डहाळे, नंबरप्लेटवर हळदकुंकू आणि माळांचे झुपके. मिलच्या ट्रकला हिरवी ताडपत्री होती एवढं रझाकला आठवत होतं. निम्म्या ट्रकांना हिरवीच ताडपत्री.

कागलच्या पुढं एक हिरवी ताडपत्री दिसली. “ह्योच!” रझाक ओरडला. हॉर्न वाजवत, हात बाहेर काढून, ओरडत आम्ही त्याला रस्त्याच्या कडेला घेतलं. मी उडी मारून मागं गेले आणि ताडपत्रीची दोरी सोडायला लागले. आतनं एकदम कोंबड्यांचा कालवा.

“काय ओ बाई!” ड्रायव्हर उतरून आला. “सणाच्या दिवशी कोंबड्या चोरताय व्हय?”

“कागद नाहीत होय यात?”

“कागद? अंडी पायजेत काय, अंडी हायत!”

रझाक स्टीअरिंगवर डोकं ठेवून हसत होता. आणि तात्या, हो, तात्यासुद्धा हसत होते. हसता हसता खोकत होते, खोकता खोकता हसत होते. मलाही हसू आवरेना. एका माणसाच्या आयुष्याचा प्रश्न आणि आम्ही तिघं हायवेच्या कडेला येड्यासारखे हसतोय.

निपाणी गेलं. तवंदीचा घाट लागला. चढाला हत्ती कुंथायला लागला आणि तात्यांचं हसू बंद झालं. त्यांच्या छातीतून बारीक शिट्टी वाजत होती. मी खिडकी पूर्ण उघडली.

“परत फिरूया का, तात्या?”

त्यांनी मान हलवली. मग तुटक तुटक बोलले, “पैल्यांदा फुंकलं तवा डाक्टर म्हणला, अरं कागद फाडतोस काय? सुई पार वर गेल्ती.” त्यांनी हवेत बोट वर नेऊन दाखवलं. “तेवढं एक जरी ऱ्हायलं तरी बास.”

रझाकनं गिअर बदलला आणि कुणाला तरी कचकचीत शिवी हासडली.

मिलच्या गेटला केळीचे खांब बांधलेले आणि आत ट्रक उभा. ताडपत्री काढलेली. ट्रक मोकळा!

“पूजा चालू हाय,” वॉचमन आडवा आला. “आत सोडत नाही.”

मी नियमावली छातीशी धरली, कंपनीचा शिक्का त्याच्या तोंडासमोर नाचवला आणि म्हटलं, “हेड ऑफिस!” काय समजला कुणास ठाऊक, पण बाजूला झाला.

आतलं दृश्य अजून डोळ्यांसमोर आहे. मोठी शेड. मधोमध पल्पर, म्हणजे कागदाचा लगदा करणारं विहिरीएवढं लोखंडी पातेलं. त्याच्या तोंडाशी जाणारा लांब पट्टा झेंडूनं मढवलेला. पट्ट्यावर एकामागं एक माझी खोकी. प्रत्येक लाल स्टिकरवर हळदकुंकवाची बोटं. बाजूला सगळे कामगार हात जोडून. आणि पांढऱ्या टोपीतले मालक मुरिगेप्पा अण्णा एका हातात फुटलेला नारळ, दुसऱ्या हाताचा अंगठा हिरव्या बटणावर.

“थांबाऽऽऽ! बटण दाबू नकाऽऽ!”

सगळी शेड माझ्याकडं वळली. अण्णांचा अंगठा हवेत राहिला.

“कोण री तुम्ही, अक्का? मुहूर्त चाललाय, दिसत नाही?”

“ही खोकी चुकून आलीत, अण्णा. नष्ट करायची नाहीत. हे बघा, लाल म्हणजे ठेवायचं, छापील आहे.”

अण्णांनी पुस्तकाकडं बघितलं, मग खिशातून माझाच गेटपास काढला. “आणि हे बी छापीलच हाय. नष्ट करणे. खाली सही कुणाची?”

“माझी.”

“मग? तुमची सही बघून माल आला. आता तुमचं तोंड बघून परत देऊ? उद्या तुमची कंपनी मला कोर्टात खेचंल. वरचा साहेब सांगंल तर देतो.”

वरचा साहेब! वरच्या साहेबानं काय सांगितलं होतं ते मला ठाऊक होतं. नंबर अण्णांकडं होताच. ते फोन लावायला लागले आणि माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला.

“अण्णा, स्पीकर चालू करा. म्हणजे सगळ्यांना ऐकू येईल, नंतर वाद नको.”

आवाज मोठा झाला. शेडभर रिंग वाजली.

“नमस्कार अण्णा, बोला. सणाच्या शुभेच्छा!” शिरगुप्पे साहेब.

“तुमच्या म्याडम आल्यात हितं. माल परत मागत्यात. काय करू?”

“अहो, त्यांचं काही मनावर घेऊ नका. तुम्ही आपलं—”

“साहेब, मी मगदूम बोलतेय,” मी मधेच तोंड घातलं. आवाज माझाच मला ओळखू येईना. “स्पीकरवर आहात. पन्नास माणसं ऐकतायत. आकाराम लोहार स्वतः इथं उभे आहेत. स्पष्ट सांगा, साहेब. कोर्टानं जपून ठेवायला सांगितलेली खोकी मशीनमध्ये टाकू का नको?”

काही नाही. फोन बंद पडला की काय असं वाटलं. फक्त तात्यांच्या छातीतली शिट्टी.

“साहेब?”

“…परत आणा.” फोन कटला.

रझाकनं ‘शाब्बास!’ म्हणून माझ्या पाठीत असली थाप मारली की नियमावली पडता पडता राहिली. तो पट्ट्यावर चढलाच होता, तेवढ्यात अण्णांनी हात वर केला.

“थांबा री. मुहूर्ताचा माल असा काढता येत नाही. नारळ फुटलाय. वेळ सरली तर वर्षभर मशीन रडत चालतंय.”

“अहो अण्णा, तुमच्या आवारात रद्दीचे डोंगर आहेत! त्यातलं टाका की!”

“मुहूर्ताला आजच आलेला माल लागतो. आमच्या बाबांपासनं रीत हाय. आज तुमचीच एक गाडी आली.”

माझा तोल सुटला. “रीत गेली खड्ड्यात! माणूस महत्त्वाचा का मशीन?”

“म्याडम,” तात्या पुढं आले. रझाकच्या खांद्यावर हात टेकून. “तसं म्हणू नगा. ह्यांचं पोट हाय मशीनवर. आज उपाशी ठेवायचं नसतंय.”

“तात्या, तुमच्यासाठीच चाललंय ना हे सगळं?”

“व्हय. पर मी बी उभा जन्म मशीनलाच हात जोडलेत. आज आल्यालं कायतरी द्या की त्याला. खोकी सोडून.”

आज आलेलं कायतरी. काय होतं आमच्याकडं? झेंडू. कोंबडीचं एक पीस, ते रझाकच्या रुमालाला चिकटलेलं. आणि माझ्या काखेत हेड ऑफिसची नियमावली.

मी तिच्याकडं बघितलं. नोंदणी केलेली प्रत. वरच्या परवानगीशिवाय एक पान जरी फाडलं तर आधी खुलासा, मग चौकशी. हे त्याच नियमावलीत, बहुतेक दुसऱ्याच पानावर लिहिलेलं होतं.

“अण्णा, हे आजच आलंय. चालेल?”

अण्णांनी ते हातात घेऊन जोखलं, पानं चाळली. “कागद झकास हाय. पर प्लास्टिकचं कव्हर काढा, मशीनला पचत नाही.”

मी कव्हर टराटरा फाडलं. आयुष्यात एखादा कागद फाडताना एवढा आनंद मला कधी झालेला नाही. रझाकनं आणि मिलच्या पोरांनी पटापट खोकी उतरवली. नियमावलीला हळदकुंकू लागलं, वर एक झेंडूचं फूल बसलं आणि अण्णांनी बटण दाबलं. पट्टा हलला. लाल म्हणजे थांबा, हिरवं म्हणजे जा, ही चित्रं घेऊन ती वीट सावकाश पुढं गेली आणि धप्पकन पाण्यात पडली. पातेलं एकदा घुरघुरलं. टाळ्यांचा कडकडाट झाला. मी पण टाळ्या वाजवत होते.

परतताना हौद्यात लाल खोकी आणि त्यांच्यावर अण्णांनी बळंच दिलेली पेढ्यांची टोपली. तात्या मागं बघत बसले होते, काचेतून, पार शिरोली येईपर्यंत.

दसरा झाला, कोर्टाचा माणूस आला, खोकी सहीशिक्क्यानिशी गेली. सुनावणीत डॉक्टरांनी तात्यांच्या फुंकण्याचे कागद टेबलावर शेजारी शेजारी मांडले. मी तिथं साक्षीला होते. पहिल्या कागदावरची रेघ खरंच कागदाच्या वरच्या कडेला टेकलेली. मग दरवर्षी खाली, खाली, अजून खाली. जी तीन वर्षं तात्यांना धुरळ्यातून काढून पॅकिंगला बसवलं होतं, तेवढी वर्षं रेघ तिथल्या तिथं थांबलेली. परत फेटलिंगला आले, परत खाली. बिडी तर ते पॅकिंगला असतानाही ओढत होते. जजसाहेबांनी चष्मा काढला आणि कंपनीच्या वकिलाला म्हणाले, “तुम्हाला अजून काही बोलायचंय?” तात्या जिंकले. औषधपाण्याची आयुष्यभराची सोय झाली आणि फेटलिंगमध्ये धुरळा ओढणारे पंखे बसले.

शिरगुप्पे साहेब त्या दिवसाबद्दल माझ्याशी कधी एक शब्द बोलले नाहीत. हेड ऑफिसचं पत्र मात्र आलं, नियमावलीची प्रत तपासणीला पाठवा. मी लिहिलं: ‘प्रत नष्ट. कारण: खंडेनवमी.’ खाली सही. आणि एक सूचना, की फाउंड्रीत थांबण्याचा रंग निळा ठेवावा. खुलासा मागवतील म्हणून महिनाभर धाकधूक होती. त्यांनी नवी प्रत पाठवली. त्यात निळा होता.

पुढच्या वर्षी खंडेनवमीला मी मुद्दाम खाली गेले नाही. रेकॉर्ड रूममध्येच बसले होते. खालची घंटा, आरती सगळं ऐकू येत होतं. मग जिन्यात पावलं वाजली. दोन पायऱ्या, थांबणं. दोन पायऱ्या, थांबणं. मी दारात गेले तर रझाक मागं उभा आणि पुढं आकारामतात्या. एका हातात झेंडूची माळ, दुसऱ्यात शंख.

“कशाला चढलात तात्या? मी खाली आले असते की!”

“खालच्या मशीनींची झाली पूजा,” तात्या दम खात म्हणाले. “हितली ऱ्हायली हुती.”

खिडकीजवळच्या रॅकवर कोर्टातून परत आलेली खोकी होती, आता निळ्या स्टिकरची. तात्यांनी माळ त्या रॅकला बांधली. गाठ नीट बसली का बघितली. हात जोडले. माझे डोळे भरून आले होते आणि रझाक उगाच जिन्याचा कठडा तपासत होता.

तात्यांनी शंख माझ्यापुढं धरला. “वाजवा.”

“मला कुठं येतंय, तात्या? तुमचा मान आहे तो.”

“माझा दम तिथं हाय,” त्यांनी खोक्यांकडं बोट केलं. “तुमी ठेवलाय. आता हितं तुमीच फुंका.”

मी शंख तोंडाला लावला. फुस्स. रझाक फिदीफिदी हसला. पुन्हा फुस्स. तिसऱ्यांदा मात्र जीव खाऊन फुंकला आणि वाजला! घोगरा, हेल काढणारा, पण वाजला. खालून कँटीनची माणसं बाहेर येऊन वर बघायला लागली.

तात्या कान देऊन ऐकत होते. आवाज पार विरला तेव्हा म्हणाले, “हायवेपत्तोर नाही गेला, म्याडम. कँटीनपत्तोर गेला. फुडल्या वर्षी बघू.”